वेस्ट इंडीजचा लहानू

एकाहत्तर साली भारतानं वेस्ट इंडीजला त्यांच्याच घरी जाऊन कसोटीत हरवलं, त्या सकाळी आमच्या साखर कारखान्यात दुखवटा पाळणारा माणूस एकच होता. टाइम ऑफिसच्या खिडकीत मी पेढ्यांचा खोका घेऊन बसलो होतो. पाळी सुटलेला प्रत्येक जण यायचा, हजेरी लावायचा, पेढा तोंडात टाकायचा आणि "हाणलं!" म्हणून पुढं जायचा. लहानूनं पेढा घेतला, कपाळाला लावला आणि परत खोक्यात ठेवला.

"न्हाई भाऊसाहेब. आमच्यात आज गोड चालत न्हाई."

"का रे? घरी काही झालं का?"

"आसं काय इचारता? समदा कारखाना नाचतोय आन् तुमी इचारता काय झालं!"

त्याची दाढी वाढलेली होती आणि डोळे खरंच ओले होते. मागच्या हमालानं त्याला ढोसलं, "आरं मंग डोस्कं बी भादरून घे की!" लहानू शांतपणे वळून म्हणाला, "घाई करू नको. आजून म्याची ऱ्हायल्यात. आमी आजून हारलो न्हाई."

'आमी' म्हणजे वेस्ट इंडीज. लहानू जन्मला कोपरगावच्या अलीकडं, गोदावरीकाठच्या भिल्लवस्तीत. त्यानं पाहिलेलं सगळ्यात मोठं पाणी म्हणजे त्या गोदावरीचा पूर. नाव लहानू आणि उंची अशी, की टाइम ऑफिसच्या खिडकीत तोंड दाखवायला त्याला मुजरा केल्यासारखं वाकावं लागे. काम गव्हाणीवर. गाडीतून उतरलेली उसाची मोळी उचलायची आणि चरकाकडं जाणाऱ्या पट्ट्यावर भिरकावायची, आठ तास. इतर जण मोळी टाकत. लहानू फेकायचा. त्या खांद्यामुळंच तो वेस्ट इंडीजमध्ये गेला.

तो कसा गेला, ते सांगायला हवं. त्यात माझा हात आहे.

आमच्याकडं दर उन्हाळ्यात पट्टा पडला, म्हणजे गळीत हंगाम संपून चरक थांबला, की एक क्रिकेटचा सामना व्हायचा: भारत विरुद्ध वेस्ट इंडीज. ही कल्पना मी नोकरीला लागण्याआधीच्या कुठल्याशा मॅनेजरची. संचालक मंडळी सहकुटुंब यायची, शामियाना लागायचा, गेस्ट हाउसवर श्रीखंड-पुरी. भारताच्या संघात ऑफिसची माणसं, केमिस्ट, इंजिनियर, शेतकी अधिकारी. आणि वेस्ट इंडीजच्या संघात काळी माणसं. मी शब्द बदलत नाही. लेबर ऑफिसर हेच शब्द वापरायचे. पाळी बदलताना ते फाटकाशी उभे राहत आणि हातातल्या छडीनं दाखवत, "हा घ्या. तो बॉयलरवाला घ्या. हा तर अगदी तिकडचाच वाटतो!" लोक हसत, ज्याच्याकडं छडी जाई तोही हसे. अशानं महारवाड्यातले (आम्ही तेव्हा तसंच म्हणत होतो), वडारवस्तीतले आणि भिल्लवस्तीतले धरून दहा जण पुरे होत, आणि अकरावा कप्तान.

रंगाचं म्हणाल तर त्यातही गंमतच होती. आमचे स्टोअरकीपर कुलकर्णी लहानूपेक्षा चांगले दोन छटा सावळे होते. पण ते भारताचे यष्टिरक्षक. उलट साखरेच्या गोदामातला विठ्ठल मांग गव्हाळ, घाऱ्या डोळ्यांचा. त्याला वेस्ट इंडीजमध्येच घातलं आणि लेबर ऑफिसर साहेब म्हणाले, "असतात तिकडंसुद्धा काही गोरे." कुणालाही त्यात चूक दिसली नाही. मलाही नाही.

आणि या वेस्ट इंडीजचा कप्तान मी होतो. गोरापान, चष्मा लावणारा, टाइम ऑफिसातला जोशी. बॅटिंग येत नसल्यानं मला भारतात जागा नव्हती, आणि "त्या लोकांत नियम समजणारा कुणीतरी एक हवा" म्हणून मला तिकडं दिलं होतं. दुपारी जेवायला माझा संघ लिंबाखाली गूळ-शेंगदाणे खायचा आणि मी प्रतिपक्षाबरोबर गेस्ट हाउसवर श्रीखंड. तिथं कुणीतरी हमखास म्हणायचं, "काय कप्तान, तुमचे काळे काय म्हणतात?" मीही हसून म्हणायचो, "म्हणतात हरवू." सगळे पोट धरून हसत. दरवर्षी भारत जिंकायचा.

इतरांना हा एक दिवसाचा तमाशा होता. भरपगारी सुटी मिळायची, धावायचं, हरायचं, घरी जायचं. लहानूनं मात्र ते मनावर घेतलं. छडी त्याच्याकडं गेली त्या दिवसापासून तो वेस्ट इंडीजचा झाला आणि नंतर परत आलाच नाही.

त्यानं शेळीचं नाव जमैका ठेवलं. कोंबड्याचं गयाना. संध्याकाळी वस्तीवरून त्याची बायको सारजा ओरडायची, "आरं जमैका मक्यात शिरली, हाकला तिला!" आणि कॉलनीतल्या बायका खिडक्यांत येऊन हसायच्या. सारजा तोंडानं फटकळ. मी एकदा विचारलं, "लहानू आहे का घरी?" तर म्हणाली, "कुटलं घर? आमचं मानूस बेटावर ऱ्हातंय. हितं निस्तं जेवायला येतंय."

थंडीत कुणी कुडकुडलं की लहानू म्हणे, "आमच्या बेटावर आसं न्हाई." डाळ पातळ झाली तरी "आमच्या बेटावर आसं न्हाई." एकदा चीफ केमिस्टनी त्याला फैलावर घेतलं तेव्हा सगळं ऐकून घेऊन, ते गेल्यावर, त्यांच्या पाठीला उद्देशून तो हळूच तेच म्हणाला.

मी इंग्रजी पेपर वाचतो हे कळल्यावर तो रोज पाळी सुटली की माझ्या खिडकीशी वाकायचा. "बेटावरची काय खबर, भाऊसाहेब?" शेवटी मी शाळेतून नकाशाचं पुस्तक आणून त्याला ती बेटं दाखवली. त्यानं बोट टेकवलं, तर त्या बोटाखाली सगळी झाकली गेली. बोट उचलून त्यानं पुन्हा पाहिलं.

"इतकुशी?"

"इतकुशीच."

"आन् एवढ्याशा जागंत एवढं बॉलर?" मग समाधानानं म्हणाला, "दाटीवाटीनं ऱ्हात आस्त्याल. आमच्या वस्तीवानी."

बोलता बोलता मी सांगून गेलो की तिकडंही ऊस पिकतो आणि साखर कारखाने आहेत. लहानू ताठ उभा राहिला, डोकं चौकटीला आपटलं, तरी तसाच.

"ऊस? तिकडं ऊस हाय?"

"ऊसच तर आहे. ही काळी माणसं मुळात तिथली नव्हतीच. त्यांच्या आज्या-पणज्यांना जहाजात भरून नेलं, ऊस तोडायला."

"कुनी?"

"साखरेच्या मालकांनी."

"उचल दिऊन?"

"उचल नाही. पकडून. फुकट."

लहानूनं आपटलेलं डोकं चोळलं. मग म्हणाला, "म्हंजे आमी बरं म्हनायचं." जरा थांबून, "मंग खोटं काय बोलतो मी, भाऊसाहेब? ते आमचंच हायेत." त्या दिवशी तो गव्हाणीवरच्या प्रत्येकाला हे सांगत सुटला. कुणाला कळलं, कुणाला नाही. चांगलं काहीतरी झालंय एवढं कळून सगळ्यांनी त्याच्याकडून चहा मात्र उकळला.

खरं सांगायचं तर मला त्याचा राग येऊ लागला होता. का, ते मला तेव्हा कळलं नसतं. मी त्याचा कप्तान होतो, पण वेस्ट इंडीज तो होता. सामन्याच्या दिवशी मुलं त्याच्या मागं धावत. बॉलिंगसाठी तो जाई पार चिंचेपर्यंत, आणि तिथून जो पळत येई तेव्हा शामियान्यातल्या बायका पदर सावरत. मला कुणी पाहत नसे. म्हणून एक दिवस मी मुद्दाम त्याला सांगितलं, "लहानू, तुझ्या बेटावरचं एक सांगू का? खेळायचे काळे, पण कप्तान गोराच असायचा. खेळता येवो न येवो. आत्ता दहाएक वर्षांपूर्वीपर्यंत असंच चाललं होतं."

मला वाटलं, आता याचा चेहरा पडेल. तो माझ्याकडं बघत राहिला. मग हसला. "म्हंजे तिकडं बी कारखानाच हाय म्हना की!"

मी खाली मान घालून कागद चाळले.

"आन् आता?" त्यानं विचारलं.

"आता काळा आहे."

"मंग कसं चाललंय?"

"चांगलं चाललंय."

दुसऱ्या दिवशी तो अंघोळ करून, धुतलेला सदरा घालून आला. वाकला नाही, खिडकी सोडून दारात आला. दारात तो कधी येत नसे. "भाऊसाहेब, रागावनार नसाल तर एक इचारू? आवंदा आमचा कप्तान बेटावरचाच आसू द्या की. मला करा. तुमी हायेतच शेजारी, चुकलं तर सांगा."

मी म्हणालो, साहेबांना विचारतो.

मी साहेबांना विचारलं नाही. वर्षातून एकदा शामियान्यासमोर अध्यक्षांच्या शेजारी उभं राहून नाणं उडवायला मिळत होतं. माझ्या बायकोकडं माझा तसा नाणं उडवतानाचा फोटो होता. चार दिवसांनी मी लहानूला सांगितलं, "साहेब नाही म्हणाले." त्यानं मान हलवली. "साहेबांचं बी बरोबर हाय. म्याच मोठी आस्ती." मग माझ्या टेबलाजवळ येऊन अगदी हळू बोलला, "मंग एक करा, कप्तान. मला शेवटपत्तूर बॉलिंग द्या. मला ही म्याच जितायची हाय. एकदाच. मंग जल्मभर हारू."

"दिली," मी म्हणालो.

तो बहात्तरचा उन्हाळा. मैदान म्हणजे ऊस निघालेलं रान, वरवर सारखं केलेलं. आम्ही आधी बॅटिंग केली आणि कसेबसे साठ-पासष्ट काढले. जेवण झालं, श्रीखंड झालं, आणि भारत खेळायला उतरला. कुठल्याशा बागायतदाराचे पाहुणे पुण्याहून आले होते. अध्यक्षांच्या पुढ्यात टेबलावर कप. हार कुणाच्या गळ्यात पडायचा हे ठरलेलं असल्यानं हारही आधीच सोडून ठेवलेला.

लहानू चिंचेपासून धावत आला आणि इंजिनियरांचा मधला दांडका उडाला. शामियान्यात हशा. पुढच्या खेपेला शेतकी अधिकाऱ्यांचा. पुन्हा हशा, जरा कमी. मग चीफ केमिस्ट. ते तर चेंडू येण्याआधीच बाजूला झाले. त्यानंतर कुणी हसलं नाही. कुंपणाबाहेर वस्त्यांवरची माणसं जमायला लागली. बैलगाड्यांवर उभी राहून बघू लागली. सारजा कुठंतरी ओरडत होती, "हाना! त्या जाड्याला हाना!" जाडे म्हणजे स्टोअरकीपर कुलकर्णी. तेही गेले.

भारताचा शेवटचा जोडा उरला आणि त्यांना अजून नऊ धावा हव्या होत्या. माझी माणसं एकमेकांकडं बघत होती, रस्त्यात सोन्याची मोहोर सापडल्यावर बघावं तशी, उचलावी की नको. विठ्ठल माझ्याजवळून जाताना पुटपुटला, "भाऊसाहेब, ह्ये खरं चाललंय का?"

हे पुढचं मी इतकी वर्षं घरीसुद्धा बोललो नाही.

मला कुणी काही सांगितलं नाही. कुणी खूण केली नाही. पुढं मी स्वतःला समजावायचा खूप प्रयत्न केला की लेबर ऑफिसरांनी डोळा मारला होता, अध्यक्षांनी घड्याळ बघितलं होतं. घड्याळ बघितलं असेलही, माणसं बघतात. मी शामियान्याकडं पाहिलं. तिथं सगळे गप्प बसले होते आणि त्या गप्प बसण्याची मला भीती वाटली. उद्या खिडकीत कसा बसू, साहेबांना तोंड कसं दाखवू, एवढंच डोक्यात आलं. आणि आणखी एक, तेही सांगतो: जिंकलो असतो तर त्याला उचलून घेतलं असतं. मला नाही.

मी लहानूकडं गेलो आणि हात पुढं केला. "आण चेंडू. दमलास तू. जा, कडेला उभा राहा."

तो दमला नव्हता. षटक संपल्यावर कप्तानानं बॉलर बदलणं नियमात बसतं. त्यात कुणाला बोट ठेवता येत नाही, आणि नियम समजणारा तिथं मी एकटाच होतो.

लहानूनं माझ्याकडं पाहिलं, मग खाली पाहिलं. चेंडू सदऱ्याला पुसून स्वच्छ केला आणि माझ्या हातात ठेवला. सावकाश चिंचेकडं चालत गेला. मी चेंडू बॉयलरवरच्या गेनूला दिला. गेनूनं उभ्या जन्मात बॉलिंग केली नव्हती. चार चेंडूंत सामना संपला.

अध्यक्ष माझ्या पाठीवर थाप मारून म्हणाले, "वा जोशी! ह्याला म्हणतात खिलाडूवृत्ती. एकट्याच्या जिवावर जिंकायचं नाही, सगळ्यांना संधी द्यायची!" टाळ्या पडल्या. मला एक नारळ मिळाला. लिंबाखाली माझ्या संघातलं कुणी माझ्याशी बोललं नाही. लहानू तर तिथं नव्हताच. दुसऱ्या दिवशी हंगामी कामगारांचे हिशोब झाले आणि सगळे आपापल्या वाटेला लागले.

त्या साली पाऊस आला नाही. पुढचा हंगाम नावापुरता चालला, निम्म्या माणसांना बोलावणंच गेलं नाही. त्यात लहानू होता. सामना झाला नाही. खिडकीशी वाकून कुणी बेटावरची खबर विचारत नव्हतं, आणि मला हायसं वाटत होतं. हेही लिहून टाकतो.

त्र्याहत्तरच्या उन्हाळ्यात मी नगरला निघालो होतो. वाटेत एसटी तापून बंद पडली. रस्त्याच्या कडेला दुष्काळी काम चालू होतं. शे-दीडशे बायामाणसं डोक्याला फडकी बांधून खडी फोडत बसली होती. मी सावली शोधत होतो, तेवढ्यात एक बसलेला माणूस उभा राहू लागला. उभा राहतच गेला. एवढा उंच माणूस एकच होता.

"कप्तान!"

पळून जायला जागा नव्हती. लहानू वाळला होता, दातच मोठे दिसत होते. त्यानं मला धोंड्यावर फडकं अंथरून बसवलं, सारजाकडून गाडग्यातलं पाणी देववलं. कामावर खायला मिळालेली सुकडी देऊ का म्हणाला. मी नको म्हटलं. मग तो तिथंच पुढ्यात बसला.

"पेपरात काय येतंय का, भाऊसाहेब? बेटावर पानी झालं का?"

"झालं असावं."

"झालं आसंल," तो म्हणाला. "समिंदर हाय ना चौबाजूनं. आमच्या ऊसवाल्यांचं बरं हाय मंग."

सारजा म्हणाली, "हितं खडीचं माप भरंना आन् ह्यांला तिकडच्या पावसाची पडलीय."

खडी फोडणारी दोन-चार माणसं जवळ आली होती. लहानूनं त्यांना माझी ओळख करून दिली. "ह्येच ते. म्या सांगत नव्हतो? ह्येच आमचं कप्तान."

"पायावालं?" एका म्हाताऱ्यानं विचारलं.

"पायावालंच."

मला काही कळेना. लहानू माझ्याकडं वळला. "तुमी तवा बोलू दिलं न्हाई, लगेच गेलात बक्षिसाला. त्या म्याचमदी पळताना उसाचं धसकट टाचंत शिरलं हुतं. आरपार. निम्म्या म्याचपासनं रगत चाललं हुतं. म्या कुनाला बोललो न्हाई, म्हनलं सांगितलं तर काढत्याल. माती टाकायचो, पळायचो. विठ्ठलाला दिसलं न्हाई, पंचाला दिसलं न्हाई, ही वरडत हुती हिला बी दिसलं न्हाई. तुमाला तेवढं दिसलं."

मी गाडग्यातलं उरलेलं पाणी पिऊन टाकलं.

"राग आला हुता मला. लई आला हुता. चिंचंखाली गेलो आन् खाली बसलो तर पाय उचलंना. तवा ध्यानात आलं. म्हनलं, म्याच सोडली पन मानसानं आपला पाय राखला. जितलं आस्तं हो. पन पाय गेला आस्ता, मंग ही खडी कुनी फोडली आस्ती?" तो बाकीच्यांकडं वळला. "ह्यांला साहेब लोकांत इच्चारा जाऊन, कशी जितायला आल्याली म्याच सोडली ह्यांनी. माझ्या पायासाठनं."

"ह्ये रोज सांगत अस्तंय," सारजा म्हणाली. पण पदरानं वारा घालत होती ती मलाच.

मी त्याच्या चेहऱ्यावर थट्टा शोधली. डोळ्यांत, ओठांच्या कडेला, सगळीकडं शोधली. सापडली असती तर मी सुटलो असतो. तिथं काही नव्हतं. ड्रायव्हरनं हाक मारली, गाडी चालू झाली होती. माझ्याकडं एक वाक्य बोलायला वेळ होता, आणि कुठलं बोलायचं ते मला माहीत होतं.

"आता कसा आहे पाय?" मी विचारलं.

लहानूनं हातोडा बाजूला ठेवला आणि मला नीट दिसावं म्हणून दोन्ही हातांनी पाय वर उचलून धरला.